पाठ दिसेपर्यंत

२००४ च्या पानगळीपासून पुढच्या उन्हाळ्यापर्यंत अमेरिकेत, न्यू जर्सीच्या पार्सिपनीतल्या भारतीय बायकांच्या ब्लाउजची बाही किती लांब असावी आणि गळा किती खोल असावा, याचा निर्णय बार्शीच्या एका बाईनं घेतला, आणि तोही तमिळ मालिका पाहून. तिला तमिळचा एक शब्दही येत नव्हता. हे विधान मी जपून करते आहे. त्या वर्षी देवळातल्या रांगेत, बारशांना, वाढदिवसांना आणि दिवाळीच्या जेवणाला मी जे ब्लाउज पाहिले, त्यांतले निम्म्याहून अधिक या बाईंच्या हातचे होते. उरलेले त्यांच्या हातचा एखादा ब्लाउज बघून दुसऱ्या कुणीतरी बेतलेले होते आणि मुंढ्यात, बाहीच्या जोडावर, हटकून चुकलेले होते. ही बाई आमच्या डोक्यावर, म्हणजे वरच्या अपार्टमेंटमध्ये राहत असे. आम्ही त्यांना काकू म्हणत असू. मध्ये फक्त लाकडी तक्तपोशी होती. मशीनच्या आवाजावरून बाही चालली आहे की अस्तर, हे मला पुढं पुढं चहा करता करता कळू लागलं होतं.

काकूंच्या यजमानांचं बार्शीला शिंप्याचं दुकान होतं. ते वारले, दुकान दिराकडे गेलं, आणि मुलानं सहा महिन्यांच्या व्हिसावर त्यांना इकडं आणलं. मुलगा कॉम्प्युटरवाला. सून मदुराईची, विमा कंपनीत डेटाबेस सांभाळणारी, सकाळी सातला घराबाहेर आणि संध्याकाळी सातला आत. सासूसुनांत दोघींना कळतील असे इंग्रजीचे वीसेक शब्द होते, त्यांतले बरेचसे जेवणाचे आणि हवेचे. 'ईट', 'कोल्ड', 'टू मच', 'स्लीप' एवढ्यावर त्यांचा संसार चालत असे. बायकोला बरं वाटावं म्हणून मुलानं इंडियन ग्रोसरीतून तमिळ मालिकांच्या कॅसेट भाड्यानं आणायला सुरुवात केली. बायकोला बघायला वेळ नव्हता. ती शनिवारी कपडे धुवायची आणि रविवारी झोपायची. कॅसेट तशाच परत जाऊ लागल्या, म्हणून एके दुपारी काकूंनीच एक लावली. "भाड्याची आणलीय, फुकट कशाला घालवायची," असं त्यांनी मला नंतर सांगितलं. आठवडाभरात त्यांनी मुलाकडून कुणाच्या तरी यार्ड सेलमधलं जुनं, लोखंडासारखं जड मशीन आणवलं आणि टीव्हीसमोरच्या जेवणाच्या टेबलावर ठेवलं.

मालिका पाहण्याची त्यांची पद्धत इतरांसारखी नव्हती. आवाज त्या बंद ठेवत. भाषा कळत नाही, मग कटकट कशाला. चित्र थांबवलं तर पडद्यावर पांढऱ्या आडव्या रेघा उमटत आणि त्या नेमक्या गळ्यावरून जात, म्हणून चित्रही थांबवत नसत. मापाचं त्यांचं गणित वेगळंच होतं. टीव्हीतलं तोंड कितीही मोठं दिसू दे, बाईची टिकली ते हनुवटी पाच बोटं. त्या पाच बोटांवरून गळा, गळ्यावरून बाही. मालिकेत कुणी काही भयंकर बोललं की समोरच्या बाईचा चेहरा तीनदा जवळून दाखवत. बाकीच्यांना त्याचं हसू येई. काकूंना त्यात सोय दिसे. "पहिल्यांदा गळा बघायचा, दुसऱ्यांदा बाही, तिसऱ्यांदा पाइपिंग. माणसं विचार करून करतात गं."

अडचण होती ती पाठीची. मालिकेतल्या बायका कधी पाठ फिरवत नाहीत. त्या रडतात समोरून, भांडतात समोरून, दाराआडून ऐकतात तेही आपल्याकडं तोंड करून. ब्लाउजचा मागचा गळा कळायचा एकच मार्ग होता, आणि तो काकूंनी मला अगदी सरळ आवाजात सांगितला होता. "पाठ बघायची तर बाईनं घर सोडावं लागतं." मालिकेतली बाई पिशवी घेऊन उंबरा ओलांडते, अंगणातून फाटकाकडं जाते, तेवढीच काय ती पाठ. तोवर काकू ब्लाउजचे पुढचे भाग शिवून ठेवत आणि पाठीचं कापड न कापता त्याला टाचून ठेवत. त्यांच्या बाथरूममधल्या पडद्याच्या दांडीवर असे सात-आठ बिनपाठीचे ब्लाउज हँगरला लटकत असत. आंघोळीच्या आधी मुलगा ते उचलून बेडरूममध्ये नेई आणि आंघोळीनंतर परत आणून लावी. तक्रार केल्याचं मी ऐकलं नाही.

गिऱ्हाइकं बहुतेक तमिळ, थोड्या तेलुगू, मग आम्ही मराठी. सुरुवात शेजारच्या इमारतीतल्या एका तमिळ बाईपासून झाली. तिनं काकूंच्या दारातून टीव्ही पाहिला, टेबलावरचा ब्लाउज पाहिला, आणि दोन्हींत तिला फरक दिसला नाही. पुढच्या रविवारी देवळात तिच्याभोवती घोळका जमला. डिसेंबरात सगळ्यांच्या बाह्या कोपरापर्यंत उतरल्या, फेब्रुवारीत परत वर चढल्या. मार्चमध्ये मालिकेतल्या एका बाईनं काठाच्या कापडाची बाही घातली, आणि कॅसेट पार्सिपनीला पोचल्यावर तिसऱ्या आठवड्यात माझ्या ओळखीच्या एका पुणेकर मुलीनं आईच्या जुन्या साडीचा काठ कापला. ती साडी पैठणी होती. दोघी मायलेकी अजून त्या विषयावर बोलत नाहीत. साडी न नेसणाऱ्याही सुटल्या नाहीत. त्यांच्या पंजाबी ड्रेसच्या मागच्या गळ्यालाही ब्लाउजसारखी खिडकी आणि बांधायच्या दोऱ्या आल्या. चेन्नईत कुणीतरी एखादी बाही कापत असे, आणि महिन्याभरात न्यू जर्सीतल्या ग्रोसरीत, गोठवलेल्या पराठ्यांच्या फ्रीझरपाशी, ती दोनदा दिसत असे. मधला दुवा एवढाच, आवाज बंद केलेला एक टीव्ही आणि काकूंची पाच बोटं.

ब्लाउजची चौकशी करायला फोन येत. काकू इंग्रजीत उत्तर देत.

"आँटी, फिनिश?"

"नॉट फिनिश. शी इन हाउस."

"स्टिल इन हाउस?"

"येस. शी गो, आय फिनिश."

एकीच्या दिराचं लग्न तोंडावर आलं होतं आणि तिनं मागितलेला ब्लाउज ज्या बाईच्या अंगावर होता ती अकरा भाग झाले तरी उंबऱ्याशी येऊन परत आत जात होती. अखेर एका दुपारी वरून जमिनीवर काठी आपटल्यासारखा आवाज आला. मला वर बोलवायची ती खूण होती. काकू टीव्हीसमोर उभ्या होत्या. "गेली एकदाची," त्या म्हणाल्या. "चार हुकं, मध्ये थेंबाएवढी खिडकी, खाली दोऱ्या. उगाच इतके दिवस थांबली बघ."

पैसे त्या घेत नसत. व्हिसात बसत नाही, असं मुलानं बजावलं होतं. त्यांची अट एकच होती. उरलेलं कापड परत मागायचं नाही. ब्लाउजपीसमधून हातभर उरलं काय आणि बोटभर उरलं काय, ते त्यांच्या पिशवीत जाई. जानेवारीत सूनबाईंना दिवस गेल्याचं कळलं आणि मुक्काम आणखी सहा महिने वाढवून मिळावा म्हणून काकूंचा अर्ज गेला, तेव्हा आम्ही सगळ्या धरून चाललो की ती पिशवी बाळाच्या दुपट्यासाठी आहे. मी तसं विचारलंही. "रेशमी कापड बाळाला टोचतं," काकू म्हणाल्या. "बाळाला जुनं सुती लागतं. एवढं नाही का कळत?" मग पिशवी कशासाठी, यावर त्या "बघू की" म्हणाल्या आणि सुईत दोरा ओवू लागल्या.

अर्ज मंजूर झाला. नातवंड हातात घेऊनच परत जायचं, हे काकूंनी तेव्हापासून ठरवून टाकलं. बाळंतपणाची तारीख ऑगस्टातली होती.

मालिकेची गोष्टही काकूंनी रचलेली होती, आणि ती त्यांनी कपड्यांवरून रचली होती. त्या घरात दोन सुना होत्या. थोरली सुती साड्या नेसे, साधी बाही घाले आणि सारखी रडे. ही चुकलेली आहे, असा काकूंचा निष्कर्ष होता. "नाहीतर घरच्यांनी हिला एक बरं कापड घेतलं नसतं? काहीतरी केलंय हिनं. म्हणून तर रडती." धाकटी रोज नवा ब्लाउज घाले, जरीच्या काठाचा, मागच्या दोऱ्यांचे गोंडे खांद्यावरून डोकावणारा. ती कधी रडत नसे आणि ओठ मिटून हसे. सासू अंथरुणाला खिळलेली होती आणि धाकटी तिला रोज स्वतःच्या हातानं गोळ्या देत असे. काकूंचा तिच्यावर जीव होता. "बघ, नोकर आहेत घरात, तरी औषध स्वतः देती. हिच्या हातात घर आहे. शहाणी बाई." शुक्रवारी दुपारी चार-पाच जणी वर जमत आणि काकू आम्हाला आठवड्याची गोष्ट सांगत. जमणाऱ्यांत आम्ही मराठी बायकाच जास्त. आम्ही खूप हसत असू.

मे महिन्यात आमच्या इमारतीच्या लाँड्रीत मला ती शेजारच्या इमारतीतली तमिळ बाई भेटली. ड्रायर थांबेपर्यंत मी तिला काकूंची गोष्ट सांगितली. ती आधी हसली, मग थांबली. ती धाकटी सून म्हणजे मालिकेतली खलनायिका होती. ती रोज हातानं द्यायची ते औषध नव्हतं. ती सासूच्या गोळ्या बदलत होती. इस्टेटीसाठी. थोरली निरपराध होती आणि तिला घराबाहेर काढलं होतं ते धाकटीनंच. "एव्हरीबडी नोज," ती म्हणाली.

मी त्याच दिवशी वर जाऊन सांगायला हवं होतं. सांगितलं नाही. काकूंची गोष्ट खऱ्या गोष्टीपेक्षा बरी होती आणि शुक्रवारचा हशा मला मोडायचा नव्हता. दुसरं कारण नव्हतं.

त्याच सुमारास काकूंनी सुनेसाठी चौथा ब्लाउज शिवायला घेतला होता. आधीचे तीन सूनबाईनं घातले नव्हते. ती ऑफिसला पँट घालायची आणि साडी वर्षातून दोनदा नेसायची, तीही मदुराईहून शिवून आणलेल्या ब्लाउजवर. निम्मी पार्सिपनी काकूंच्या हातचं घालत होती आणि सून तेवढी घालत नव्हती. काकू याबद्दल एकदाच बोलल्या. "तिला मापाला उभी राहा म्हणायचं तर कसं म्हणायचं? 'स्टँड' म्हटलं तर रागावल्यासारखं वाटतं." त्यामुळं सुनेचं मापही त्यांनी पाच बोटांवरूनच घेतलं होतं, ती जेवताना समोर बसायची तेव्हा. जून महिन्यात तमिळ रीतीप्रमाणं सातव्या महिन्यातला बांगड्यांचा समारंभ व्हायचा होता, आपल्या डोहाळजेवणासारखा. त्यासाठी जांभळ्या रेशमाचा, जरीच्या बाहीचा, मागं दोऱ्यांचा ब्लाउज चालला होता. धाकटीचा. "तिच्यासारखी होऊ दे," काकू म्हणाल्या. मी ऐकलं. सूनबाई तो घालणार नाही, अशी माझी खात्री होती.

तिनं तो घातला. मदुराईचा एकही ब्लाउज सातव्या महिन्यात अंगात जाईना, आणि काकूंचा आरशासमोर उभं न करता बरोबर बसला. समारंभ कॉम्प्लेक्सच्या पार्टी हॉलमध्ये होता. चाळीसेक बायका होत्या. सूनबाई खुर्चीवर बसली होती, दोन्ही हात बांगड्यांनी भरत होते, आणि काकू शेजारी हळदीची वाटी धरून उभ्या होत्या. त्यांचा चेहरा मला अजून आठवतो, पण त्याचं वर्णन मी करणार नाही. पहिल्या दोघीतिघींनी नुसतं एकमेकींकडं पाहिलं. मग एक उंच बाई बांगडी चढवता चढवता म्हणाली, "हे, इट्स हर ब्लाउज." मागून कुणीतरी गोळ्या देणाऱ्या बाईचं नाव घेतलं. हॉलभर हसणं पसरलं. ती उंच बाई काकूंकडं वळली.

"आँटी, बी केअरफुल. चेक युवर टॅब्लेट्स."

"येस, येस," काकू म्हणाल्या. "आय मेड."

आणखी हसणं झालं. सूनबाई मालिका बघत नव्हती. तिनं शेजारणीला तमिळमध्ये काहीतरी विचारलं आणि शेजारणीनं तिला सांगितलं. मी चार फुटांवर होते. सूनबाईनं काकूंकडं पाहिलं नाही. खुर्चीच्या पाठीवरची शाल ओढून खांद्यावर घेतली आणि बाहेर जूनचं ऊन असताना शेवटपर्यंत ती पांघरून बसली.

दुसऱ्या दिवशी मी वर गेले आणि काकूंना सगळं सांगितलं.

"तुला कधीपासून ठाऊक?"

"तीन आठवडे."

काकूंनी मशीनमधली रिकामी बॉबिन काढून परत तीच घातली. मग म्हणाल्या, "मग ती रडणारी?"

"तिनं काहीच केलेलं नाही."

"आणि मी तिला वर्षभर नावं ठेवली," काकू म्हणाल्या. बॉबिनचं झाकण लावत त्यांनी विचारलं, "सूनबाईला सांगशील? तुला इंग्रजी येतं."

मी सांगितलं. पार्किंगमध्ये, तिच्या गाडीपाशी. तिनं सगळं ऐकून घेतलं. काकूंना ठाऊक नव्हतं हे तिला पटलं होतं. ते तिला आदल्या रात्रीच पटलं असावं. पण चाळीस जणी हसल्या होत्या, आणि समारंभ संपल्यावर तिनं आईला फोन केला होता. "माय मॉम इज कमिंग," ती म्हणाली. "जुलै. द टिकेट इज डन." अपार्टमेंट दोन बेडरूमचं होतं. बाळ, दोन आया आणि शिवणयंत्र त्यात मावणार नव्हतं. मुलानं काकूंचं तिकीट अलीकडं आणलं. त्या विषयावर वर आवाज चढल्याचं मला ऐकू आलं नाही. मशीनचा तेवढा येत होता, रोज, दुपारभर. कुणाचं काम बाकी होतं मला ठाऊक नाही. बाथरूममधली दांडी तोवर रिकामी झाली होती.

नेवार्कच्या विमानतळावर मी सोबत गेले. मुलगा गाडी लावायला गेला होता. सूनबाई आठव्या महिन्याचं पोट घेऊन माझ्याशेजारी तपासणीच्या रांगेच्या दोरीपाशी उभी होती. दोरीच्या पुढं प्रवाशाशिवाय कुणाला जाता येत नसे. बॅगेचं वजन वाढू नये म्हणून काकूंनी मुलाचं हिवाळी जॅकेट साडीवर चढवलं होतं. त्या आमच्याकडं बघून हात हलवत उलट्या चालीनं रांगेतून सरकत होत्या, त्यामुळं मागची माणसं त्यांना वळवून देत होती. मग त्यांना वळावंच लागलं. तपासनिसानं जॅकेट काढायला सांगितलं. ब्लाउजच्या हुकांनी यंत्र वाजलं, तेव्हा हात पसरायला सांगितले. काकूंचा पदर कायम दोन्ही खांद्यांवरून असे. त्यांनी तो गोळा केला, काम करताना खोचतात तसा कमरेला खोचला, आणि हात पसरून उभ्या राहिल्या.

वर्षभरात मी त्यांची पाठ पाहिली नव्हती. ब्लाउज पुढून नेहमीचाच होता, साधा, करड्या सुती कापडाचा, मोठ्या गोल गळ्याचा. मागचा सगळा भाग तुकड्यांचा होता. बोटभर रुंदीच्या उभ्या पट्ट्या, रेशमी, जरीच्या, एकीला एक जोडलेल्या, शिवण कुठं चुरगळलेली नाही. दिराच्या लग्नाची घाई असलेल्या त्या गिऱ्हाइकाचा हिरवा होता. पैठणीच्या काठाची बोटभर पट्टी होती. माझ्या ब्लाउजचा मोहरी रंग होता, डावीकडून दुसरा. मधोमध जांभळा होता.

सूनबाईनं तो पाहिला. ते मला नक्की सांगता येतं, कारण तिनं दोरी धरली. तिचं तोंड हाक मारायला उघडलं आणि तसंच राहिलं. वर्षभरात तिनं काकूंना कशानंच हाक मारलेली नव्हती. 'ईट' म्हटलं होतं, 'कोल्ड' म्हटलं होतं. आँटी इतर बायका म्हणत. हाक शोधेपर्यंत काकूंनी जॅकेट उचललं, चपला पायात सरकवल्या आणि त्या कोपऱ्यावरून वळल्या.

बाळ ऑगस्टात झालं. मुलगी. २००६ मध्ये ती तिघं टेक्सासला फ्रिस्कोला घर घेऊन गेली. वर आता एक चिनी जोडपं राहतं, त्यांचा काही आवाज येत नाही. ग्रोसरीनं कॅसेट ठेवणं बंद केलं. त्याच्या आधी मी ती मालिका शेवटापर्यंत पाहिली होती, आवाज लावून. ब्लाउजच्या बाह्या त्यानंतर कितीदा वरखाली झाल्या, पण का झाल्या ते कुणाला सांगता येत नाही.

गेल्या दिवाळीला मी बार्शीला फोन केला. काकूंनी आधी विचारलं, "ती रडणारी आली का घरी?"

"आली."

"बरं झालं." मग त्यांनी फ्रिस्कोहून आलेल्या फोटोबद्दल सांगितलं. मला तो फोटो ठाऊक होता, माझ्याकडंही आला होता. मुलीच्या वाढदिवसाचा. सूनबाई केकमागं उभी आहे, मुलगी कडेवर, अंगात जांभळा ब्लाउज. बाळंतपणानंतर मापात बदल झाला तर मोकळं करता यावं म्हणून काकूंनी दोन्ही बाजूंना आत कापड ठेवलं होतं. कुणीतरी ते मोकळं केलेलं दिसत होतं.

"पुढून चांगला बसलाय," काकू म्हणाल्या. "मुंढ्यात एक चुणी नाही. मागून कसा दिसतो कुणास ठाऊक. फोटो काय, पुढूनच काढतात."

"मागूनही चांगला बसलाय," मी म्हणाले.

मी फ्रिस्कोला कधी गेलेले नाही. पण हे त्यांना सांगितलं नाही.